केटलसमोरची मोकळी जागा

शशिधरचा फोन कधीही "हॅलो, कशी आहेस"ने सुरू होत नाही. त्या रविवारीही झाला नाही. मी पोहे भिजवून चाळणीत निथळत ठेवले होते. माझे यजमान श्रीनिवास बागेत वादळाने पाडलेल्या कुंपणाच्या फळ्या गोळा करत होते. आणि फोनवर माझा सख्खा धाकटा भाऊ नाक ओढत म्हणाला, "ताई, केटल गेली."

मला राग आला. कारण ही केटल म्हणजे कोणी नातेवाईक नव्हे. नॉर्थ डेव्हनच्या किनाऱ्यावर एका आडगावाच्या खाली, कड्याच्या पायथ्याशी, खडकाला पडलेलं ते एक भोक. खालच्या गुहेत भरतीचं पाणी शिरलं की त्या भोकातून आधी लांब शिट्टी वाजायची आणि मग पाण्याचा फवारा उसळायचा. शिट्टीवाल्या किटलीसारखी, म्हणून गावकरी तिला केटल म्हणायचे. गावाचं नाव मी सांगत नाही. तुम्ही गाडी काढून जाल, आणि शशी वर्षभर माझं डोकं खाईल.

"गेली म्हणजे?"

"छत कोसळलं गुहेचं. वादळात. आता नुसते दगड पडलेत. फेसबुकवर फोटो टाकलेत त्या लोकांनी."

एवढं बोलून साठी ओलांडलेला हा माणूस रडायला लागला. आमचे वडील गेले तेव्हा हा सांगलीत पोचला तेराव्याला, आणि तेव्हाही विमान चुकलं याचंच पुराण जास्त. दगडांसाठी मात्र रडतो.

शशीविषयी सांगायचं तर पहिली गोष्ट ही, की त्याच्याबद्दल लोकांना काय सांगायचं हे मला आयुष्यभर कळलेलं नाही. मी भूलतज्ज्ञ. ब्रिस्टलच्या हॉस्पिटलात नोकरी केली, निवृत्त झाले, एका वाक्यात संपते. शशी माझ्यामागोमाग या देशात आला तो इंजिनिअरिंगचा कोर्स करायला. तो त्याने अर्धवट सोडला आणि कॅमेरा घेतला. मग स्लाऊच्या औद्योगिक वसाहतीतल्या कुठल्याशा कंपनीत लागला. काय करतोस विचारलं तर म्हणायचा, "नैसर्गिक चमत्कार शूट करतो. फारसे कोणाला माहीत नसलेले." मी ते जसंच्या तसं आईला कळवलं, आईने सांगलीतल्या अख्ख्या गल्लीला कळवलं, आणि इकडे महाराष्ट्र मंडळात मी मान ताठ करून सांगत सुटले की माझा भाऊ डॉक्युमेंटरी करतो.

चमत्कार शूट करायचा हे खरंच होतं. यॉर्कशरमधल्या चुनखडीच्या भेगाळलेल्या फरशा, वेल्समधलं फक्त हिवाळ्यात भरणारं तळं, स्कॉटलंडमधला भोकाभोकांचा कडा. ज्या जागेला कार पार्क आहे ती जागा त्याच्या लेखी बाद. दोन-तीन वेळा तो आम्हाला घेऊन गेला. दरवेळी चिखल, दरवेळी वारा, दरवेळी शेवटी एक भोक नाहीतर एक दगड, आणि तिथे उजेड मनासारखा पडेपर्यंत ताटकळत उभं राहणं. थर्मासमधला चहा संपायचा, पण याचा उजेड काही यायचा नाही. श्रीनिवासनी तिसऱ्या खेपेनंतर हात टेकले.

एक गोष्ट मात्र तेव्हाच खटकली होती. हा चमत्कार कधी मधोमध घ्यायचाच नाही. कडा डावीकडे, धबधबा उजवीकडे, आणि मध्ये नुसतीच मोकळी जागा. मी विचारलं तर म्हणाला, "ती कॉम्पोझिशन असते, ताई." मी भूलतज्ज्ञ. मला काय कळणार त्यातलं.

मग आई आली सांगलीहून, उन्हाळ्यात. मी हॉस्पिटलात ड्यूटीवर असायचे, म्हणून शशी तिला आठवडाभर घेऊन गेला. गुडघे दुखणाऱ्या सत्तरीच्या बाईला विंडसरचा राजवाडा दाखवावा की नाही? यानं तिला कडेकपाऱ्यांतून फिरवलं. वर कामाला लावलं. "आई, तू इथे मध्ये उभी राहा. मला फोकस आणि उजेड बघायचाय." आणि आई उभी राहायची. अंगावर प्रिंटेड साडी, वर श्रीनिवासचा पावसाळी ढगळ अनोरॅक, पायात माझे ट्रेनर्स, खांद्याला पर्स. तिला ते काम इतकं आवडलं, की दुसऱ्या दिवशी सकाळी तीच विचारायची, "आज कुठे उभं राहायचं रे?" केटलपाशीही ती अशीच उभी राहिली. तिने तिचं नाव बंब ठेवलं होतं. माझ्याकडे परत आल्यावर सांगत होती, "अगं, आपला न्हाणीघरातला बंब कसा सूं सूं करायचा, अगदी तस्सा!" सांगलीला जाऊन तिने जाहीर केलं की मी इंग्लंडात शूटिंगमध्ये उभी राहिले. गल्लीतले लोक नंतर कितीतरी वर्षं मला फोनवर विचारायचे, "आईंचा पिक्चर कधी येणार?"

आईचा पिक्चर. ऐका आता.

काही वर्षांनी मी मंडळाची अध्यक्ष झाले. आमच्या गणेशोत्सवात दरवर्षी एका मराठी माणसाचा शाल-श्रीफळ देऊन सत्कार होतो. त्या वर्षी मी शशीचं नाव सुचवलं आणि मंजूरही करून घेतलं. शाल आणली, नारळ आणला, आणि त्याला म्हटलं, दहा मिनिटांची फिल्म पाठव, सत्काराआधी दाखवू. त्याने टाळाटाळ केली. मी पिच्छा सोडला नाही. शेवटी तो गाडी घेऊन थेट स्लाऊहून माझ्या स्वयंपाकघरात येऊन उभा राहिला. मी थालीपीठ लावत होते.

"ताई, दाखवता नाही येणार. त्या फिल्म्स मोठ्या माणसांच्या आहेत."

"मग मंडळात काय लहान मुलं आहेत?"

"तसलं मोठं नाही गं." तो भिंतीकडे बघायला लागला. "कपडे नसतात त्यांच्या अंगावर."

मग त्याने सगळं सांगितलं, आणि वर तोंड करून सांगितलं. त्याची कंपनी प्रौढांसाठीची मालिका काढायची. थेट डीव्हीडीवर, थिएटरबिटर काही नाही, काळ्या काचांच्या लायसन्सवाल्या दुकानांत विकायची. मालिकेचं नाव होतं 'हॉलिडे', भागांना नुसते नंबर. प्रत्येक भागात वेगळी निसर्गरम्य जागा. आता या देशात उघड्यावर असलं काही शूट केलं तर पोलीस येणार, आणि पोलिसांच्या आधी न्यूमोनिया. म्हणून ती माणसं स्लाऊच्या गोदामात हीटर लावून हिरव्या पडद्यासमोर काय ते करायची, आणि मागे दिसायचे शशीचे चमत्कार. मधली मोकळी जागा त्यांच्यासाठी राखलेली.

"म्हणजे तू आम्हाला इतकी वर्षं खोटं..."

"मी कधी खोटं बोललो? चमत्कारच शूट करतो मी! त्या लोकांकडे मी बघतसुद्धा नाही." तो चिडला, उलट माझ्यावरच. "प्रत्येक भागाच्या सुरुवातीला नुसत्या जागेचा एक मिनिटाचा शॉट असतो. त्यासाठी मी प्रोड्यूसरशी भांडलो. तो म्हणायचा लोक फास्ट-फॉरवर्ड करतात. करू देत!"

माझ्या मात्र डोक्यात दुसरंच चक्र फिरायला लागलं होतं. मोकळी जागा. मधोमध. जिथे आई उभी होती.

तव्यावरचं थालीपीठ करपून कोळसा झालं. शाल त्या वर्षी एका डेंटिस्टला दिली, ज्यांनी मंडळाला फोल्डिंगच्या खुर्च्या दिल्या होत्या. शशी आजारी आहे असं सांगितलं. खरं मी कोणालाच सांगितलं नाही, श्रीनिवासनासुद्धा नाही. आई शेवटपर्यंत आपण निसर्गाच्या फिल्ममध्ये होतो याच समाधानात गेली, आणि त्याबद्दल मी देवाचे आभार मानले. इंटरनेट आलं तशी ती कंपनीही बुडाली. हल्ली शशी इल्फर्डकडे लग्नांचे व्हिडिओ करतो, आणि नवरी सोडून हॉलचं छत शूट करतो म्हणून शिव्या खातो.

तर आता केटल गेली होती. आणि त्या गावाच्या मंडळींनी फेसबुकवर लिहिलं होतं, की कोणाकडे केटलचं चांगलं चित्रण असेल तर द्या. गावच्या हॉलमध्ये एका शनिवारी दुपारी सगळे जमून बघणार, आणि मग ते तिथल्या छोट्या म्युझियममध्ये कायमचं ठेवणार. लोकांकडे फोनवरचे हलते-डुलते तुकडे होते. केटल खरी उसळायची ती मोठ्या भरतीला, वारा नेमका नैऋत्येचा असेल तेव्हाच. तशी ती शशीकडे होती.

"ताई, माझ्या सगळ्या कामातलं हे एक तरी कोणीतरी नीट बसून बघेल," तो म्हणाला. त्याच्या आवाजात असं काही होतं, की मला लगेच नाही म्हणता आलं नाही. साठी उलटली, आणि आयुष्यभराच्या कामाला एक प्रेक्षक नाही. माझा भाऊ असला तरी वाईट वाटलंच.

त्याच्या टेप्स माझ्याच गॅरेजमध्ये पडलेल्या होत्या, कारण त्याच्या फ्लॅटमध्ये जागा नाही. माझं गॅरेज म्हणजे त्याचा माळा. खोकी उघडली तर निम्म्यांना बुरशी. केटलचा मोकळा, माणूस नसलेला शॉट ज्या टेपवर होता ती कंपनीतच राहिली होती आणि कंपनीबरोबर गेली. उरली होती त्याच्या आधीची टेप. शशीने तोंड वाकडं केलं. "ही खराब आहे. यात आई मध्ये आलीये. केटल आयुष्यात एकदाच इतकी उसळली, आणि आई फ्रेममधून हललीच नाही! ओरडून घसा बसला माझा." वीस वर्षं झाली, आई गेली, पण याचा तिच्यावरचा तो राग ताजा.

"मग तिला काढ," मी म्हणाले. "तुला येतं ना ते कॉम्प्युटरवर? काढून टाक. आईला त्या सगळ्यात आणायचं नाही. कोणी विचारलं ही बाई मध्ये का उभी आहे, तर काय सांगशील?"

"खरं सांगेन."

"म्हणूनच काढ. मला शब्द दे."

त्याने शब्द दिला. आणि महिनाभर बसून त्याने एकेका चित्रातून आईला पुसलं. त्या टेपचा आवाजही त्याने घेतला नाही, कारण त्यात त्याचंच ओरडणं होतं. पहिली शिवी ऐकून त्याने तो बंद केला तो केलाच. कुठूनशी दुसरी शिट्टी आणून जोडली. आमचं भांडण एकदाही झालं नाही. आमच्या आयुष्यात हे पहिल्यांदाच घडत होतं.

हे सगळं मी गुपचूप उरकणार होते. पण श्रीनिवासनी ती फेसबुकची सूचना मंडळाच्या ग्रुपवर टाकली. "आमच्या मेहुण्यांची फिल्म," आणि पुढे जोडलेल्या हातांचं चित्र. मी कपाळावर हात मारला. शनिवारी हॉलच्या बाहेर बघते तर मंडळाची सेक्रेटरी वरदा डब्यात लाडू घेऊन हजर. "अलकाताई, शेवटी बघायला मिळणार तर!"

हॉलमध्ये गावचे म्हातारेकोतारेच जास्त. चहा, केक, आणि खुर्च्यांच्या कुरकुरीत शशीची केटल पडद्यावर आली. खरं सांगते, सुरेख होती. ओला काळा खडक, तिरका उजेड, शिट्टी, फवारा. टाळ्या वाजल्या. शशीचे कान लाल झाले.

पण मग म्युझियम सांभाळणाऱ्या ब्रेंडाबाई उठल्या. "फारच छान. पण केवढी होती हो ती? आमच्या नव्या पिढीतल्या मुलांनी तिला अशी उसळताना पाहिलीच नाही. ती विचारणार."

झालं. एकजण म्हणाला, चर्चएवढी. दुसरा म्हणाला, काहीतरीच काय, माझ्या उंचीएवढी असेल. तिसऱ्याच्या बायकोने त्याला खाली बसवलं. शशीने उंचीचा आकडा सांगितला तर कोणाला पटेना, आणि त्यांची काही चूक नव्हती. पडद्यावर आजूबाजूला झाड नाही, घर नाही, नुसता खडक आणि मधोमध मोकळी जागा. केटल आमच्या बाथरूममधल्या गळक्या शॉवरएवढी दिसत होती. शशी हातवारे करून सांगत होता, आणि लोक सभ्यपणे माना डोलवत होते. न पटल्यावर इंग्रज माणूस मान डोलावतो तशा. इतक्या वर्षांनी त्याला प्रेक्षक मिळाले होते, आणि त्याची केटल त्यांच्या डोळ्यांदेखत लहान होत चालली होती.

"जवळ माणूस उभा आहे असं काही नाही का?" ब्रेंडाबाईंनी विचारलं.

शशीने माझ्याकडे बघितलं. लॅपटॉपमध्ये मूळ टेपची कॉपी होती, मला माहीत होतं. पण त्याने शब्द दिला होता, आणि हा माणूस बाकी कसाही असला तरी दिलेला शब्द मोडत नाही. तो नुसता उभा राहिला. माझ्या एका बाजूला श्रीनिवास, दुसऱ्या बाजूला वरदा आणि तिचे लाडू. मला इतका संताप आला! शशीचा, वादळाचा, श्रीनिवासच्या जोडलेल्या हातांचा.

"लाव," मी म्हणाले.

पडद्यावर आई आली. मधोमध, अनोरॅकमध्ये, पर्ससकट. आणि तिच्या मागे केटल उसळली तेव्हा आई एवढीशी झाली. फवारा वर, आणखी वर, आई त्याच्या पायाशी बाहुलीएवढी. अख्ख्या हॉलने श्वास आत घेतला. मग शशीचा तरुण आवाज कोकलला, "आई, बाजूला हो! अगं फ्रेममधून बाहेर ये!" आणि मागोमाग एक अस्सल सांगलीची शिवी. भाषा कळत नसूनही लोक हसत सुटले. वरदाला कळली. ती जास्तच हसली.

"कोण या? आणि त्या मध्ये का उभ्या आहेत?" कोणीतरी विचारलं.

मी डोळे मिटले.

"माझी आई," शशी म्हणाला. आणि त्याने सांगितलं. गोदाम, हिरवा पडदा, डीव्हीडी, सगळं, अगदी सरळ. आई ज्यांच्या जागी उभी होती ती माणसं काय करायची हेही, आडवळणाने का होईना, सांगितलं. श्रीनिवासची मान हळूहळू माझ्याकडे वळली. वरदाने डब्याचं झाकण लावलं.

मागच्या रांगेतून एक जाडसर म्हातारा आवाज आला. "भाग नऊ का?"

"हो," शशी चकित होऊन म्हणाला.

"मी तेव्हाच म्हटलं होतं, ही आपली केटल आहे म्हणून!"

"कोणाला म्हटलं होतंस?" त्याच्या शेजारची बायको म्हणाली.

मग जे हसू फुटलं ते आवरेना. वरदा डोळे पुसत होती. ब्रेंडाबाई टेबलाला धरून उभ्या होत्या. श्रीनिवास इतके हसले की त्यांना ठसका लागला, आणि मी त्यांच्या पाठीत गुद्दे घातले, थोडे जरुरीपेक्षा जोरात.

हसू ओसरल्यावर ब्रेंडाबाई म्हणाल्या, "पुन्हा एकदा लावा. हीच ठेवू आपण म्युझियममध्ये. आई असलेली."

या वेळी कोणी हसलं नाही, म्हणून शशीच्या शिवीनंतरचंही ऐकू आलं. फवाऱ्याच्या आवाजात आई वळते, पदर सावरते आणि कॅमेऱ्याकडे बघून जोरात काहीतरी म्हणते. शशीने झटकन मान वर केली. हे त्याने कधी ऐकलंच नव्हतं. त्या दिवशी वाऱ्यात ऐकू आलं नव्हतं, आणि नंतर त्याने आवाज बंद करून टाकला होता.

"काय म्हणाल्या त्या?" ब्रेंडाबाईंनी मला विचारलं.

"ती म्हणतेय, 'तूच ये ना इकडे! त्या डबड्यातून काय बघतोस, नुसत्या डोळ्यांनी बघ एकदा!'"

मी तेच इंग्रजीत सांगितलं. शशी गेला नव्हता, हे सगळ्यांना दिसतच होतं. कॅमेरा हलला नव्हता. त्यानंतरही तो कितीदा त्या गावी गेला, दरवेळी कॅमेऱ्यामागे. आणि आता केटल नव्हती. मला त्याच्यासाठी इतकं वाईट वाटलं, की इतक्या वर्षांचा राग कुठे ठेवावा ते सुचेना.

"परत लावते," ब्रेंडाबाई म्हणाल्या आणि त्यांनी लॅपटॉप स्वतःकडे ओढला. शशी मशीनच्या मागून निघाला, खुर्च्यांमधून वाट काढत आला, वरदाला सरकवून माझ्या शेजारी बसला आणि पडद्याकडे बघायला लागला. केटलने शिट्टी मारली. आई हसली.

"उजेड जरा जास्तच घेतला होता मी," तो पुटपुटला.

मी त्याला कोपराने ढोसलं. "गप बस आणि बघ."